लीग लांबली ते वर्ष

आमच्या घरात पाणी येण्याचा दिवस हा एक स्वतंत्र वार होता. सोमवार-मंगळवारासारखाच, फक्त कॅलेंडरात छापलेला नसे. कधी चार दिवसांआड, कधी पाच, आणि आलं की दीड-दोन तास. तेवढ्यात दोन निळी पिंपं, घागरी, कळशा, पातेली, इतकंच काय, पिठाचा डबा रिकामा असेल तर तोसुद्धा भरून ठेवायचा. त्या दिवशी घरातलं एक धडधाकट माणूस घरात असलंच पाहिजे, आणि ते माणूस मी होते. आई सकाळी डबा घेऊन शाळेचे गणवेश शिवणाऱ्या कारखान्यात जायची, काज-बटणाच्या मशीनवर बसायची आणि दिवेलागणीला परतायची. भाऊ-बहीण मला नाही. आप्पा पलंगावर. आता मी सोलापुरातल्याच एका शाळेत मुलींना फुटबॉल शिकवते, आणि दर वर्षी एखादी तरी मुलगी विचारते, "मॅडम, तुम्ही नॅशनल लीग खेळलात ना, मग सोडलं कशाला?" मी गुडघ्यावरचा टाक्यांचा व्रण दाखवते. व्रण खरा आहे, म्हणून उत्तर खोटं वाटत नाही. पण गुडघा नंतर गेला, लीग आधी. वयाने मी काही फार थकलेली नाही, पण गोलकीपर म्हणून केव्हाच म्हातारी झाले आहे, आणि म्हातारीने एकदा सगळं सरळ लिहून टाकायला हरकत नसावी.

आप्पा महापालिकेत पाणी सोडायच्या कामावर होते. लांब लोखंडी चावी सायकलच्या दांडीला बांधून ते पहाटेच निघायचे आणि गल्लोगल्लीचे व्हॉल्व्ह त्या चावीने फिरवत यायचे. अर्ध्या शहराला ते ओळखीचे. भाजी आणायला गेले तरी लोक नमस्काराआधी विचारायचे, "आप्पा, उद्या सोडताय का परवा?" मी बारावीत असताना एका सकाळी चावी फिरवता फिरवताच ते रस्त्यावर बसले ते उठलेच नाहीत. उजवा हात गेला, उजवा पाय गेला आणि बोलणं गेलं. सगळं बोलणं गेलं असंही नाही. एक शब्द राहिला. "न्हाय." डॉक्टर म्हणाले, असं होतं, एखादाच शब्द मागे राहतो, आणि पेशंटला म्हणायचं असतं भलतंच, तोंडातून येतो तोच. आम्हाला पहिले दोन-तीन महिने त्याचा फार त्रास झाला. चहा देऊ? न्हाय. भूक लागली? न्हाय. चहा घेऊन गेलं की कप मात्र डाव्या हाताने ओढून घ्यायचे. मग हळूहळू आई आणि मी त्या एका शब्दाची भाषा शिकलो. तुटक, वरच्या पट्टीतला न्हाय म्हणजे खरंच नको. लांबवलेला, हसरा न्हाय म्हणजे हो, बरं, छान. त्यांची दुधनीची बहीण दारात दिसली की तो निघायचा. आणि एक तिसरा होता, खालच्या आवाजातला, तोंड भिंतीकडे करून म्हटलेला. मी त्यांचे कपडे बदलायला लागले की तो यायचा. त्याचा अर्थ नको असा नव्हता. त्याचा अर्थ, माझ्यापायी तू कशाला, जा तू, असा काहीतरी होता.

दिवसभर घरात आवाज एकच, शेजारच्या तेलुगू कुटुंबाच्या चार यंत्रमागांचा. भिंत सामाईक, त्यामुळे आमच्या फळीवरच्या पेल्यांना बारीक थरथर सुटलेली असायची. वीज गेली की माग बंद पडत आणि त्या शांततेने आप्पा दचकून जागे होत. मी त्या खटखटीच्या तालावर त्यांची उजवी बोटं एकेक करून उघडायची, मिटायची, उघडायची. बगलेत हात घालून त्यांना खुर्चीत बसवायचं, उन्हाला न्यायचं, परत आणायचं. माझे खांदे कशाने तयार झाले असं कुणी विचारलं तर मी व्यायामाचं नाव सांगते. खरं तर ते आप्पांना उचलून तयार झाले.

फुटबॉल मला आठवीत लागला. कादर सर नावाचे एक निवृत्त शिक्षक मैदानावर मुलींना फुकट शिकवायचे. मराठी आणि दखनी यांची मिसळ करून बोलायचे. माझे हात बघून त्यांनी मला सरळ दोन खांबांच्या मध्ये उभं केलं. आप्पांच्या आजारपणानंतर मी सोडेन असं सगळ्यांना वाटलं, पण आईच म्हणाली, "जा गं तासभर, सकाळी मी हाय की घरात." तर सकाळी सहा ते सात असा तासभर मी खेळायचे. पुढे सरांनीच मला पलीकडच्या जिल्ह्यातल्या एका क्लबात नेऊन दाखवलं. त्यांना उंच गोलकीपर हवी होती. राखीव म्हणून घेतलं.

आणि त्याच सुमारास बायकांची राष्ट्रीय लीग सुरू झाली. देशातली सगळ्यात वरची. नाव मोठं, पण लीग किती छोटी होती हे आता सांगून खरं वाटत नाही. सहा संघ, एक गाव, एक मैदान. सगळे संघ त्या गावी जायचे, एकाच वसतिगृहात उतरायचे, एकमेकांशी एकदा खेळायचे, आणि वीस दिवसांत देशाचा विजेता ठरून सगळ्या पोरी आपापल्या रेल्वेत बसायच्या. मग वर्षभर काही नाही. मुलींना राग यायचा. आमची कप्तान म्हणायची, "पुरुषांची लीग सहा-सात महिने चालते आणि आपली दिवाळीच्या सुट्टीएवढी." ती म्हणत होती ते योग्य होतं. मी मान डोलवायची. पण मनातून मला त्या वीस दिवसांचा आधार होता, कारण वीस दिवस आमच्या घराला झेपत होते.

वीस दिवस झेपायचे ते आत्यामुळे. शांताआत्या दुधनीला राहायची, आप्पांची धाकटी बहीण, विधवा, दहा-बारा शेळ्या आणि एक मुलगा. दुधनी म्हणजे कर्नाटकाच्या तोंडावर, तिच्या बोलण्यात निम्मं कानडी. शेळ्या मुलाच्या हवाली करून ती यायची ती डोक्यावर बोचकं घेऊनच. कडक भाकऱ्यांची चळत, शेंगापोळ्या, हुलगे. घरात पाऊल ठेवल्याबरोबर आप्पांचा लांबलचक न्हाय ऐकू यायचा आणि ती पलंगाशी बसून त्यांच्या कपाळावर हात फिरवत म्हणायची, "आलो की रे अण्णा, आलो." मग मला म्हणायची, "जा तू. चेंडू अडवून ये. वीस दिवस म्हनजे वीसच बरं का. एकविसावा न्हाय." ती हुलग्याचे शेंगोळे करायची त्या वासात मी बॅग भरायची. पहिल्या वर्षी मी एकही सामना खेळले नाही, बाकावर बसले. वसतिगृहाचं फाटक संध्याकाळी सहाला बंद व्हायचं, बाहेर जायची परवानगी नव्हती, बाकीच्या पोरी तुरुंग तुरुंग म्हणून ओरडायच्या. मला मात्र तिथे सकाळी उठून पहिल्यांदा लक्षात यायचं ते हे की आज पाण्याचा दिवस आहे की नाही ते मला ठाऊक नाही, आणि त्याने काही बिघडतही नाही. त्या एका गोष्टीने मला डोळ्यांत पाणी येईपर्यंत बरं वाटायचं.

पुढे दर वर्षी लीगचा साचा बदलत गेला, आणि प्रत्येक बदल आमच्या घरी येऊन थडकायचा. एका वर्षी संघ वाढले, म्हणून आधी विभागवार पात्रता फेरी, त्यातून निवडलेले संघ मग अंतिम फेरीला. म्हणजे दोन प्रवास, दोनदा बोचकं. आत्या दुसऱ्या खेपेला कुरकुरत आली. तिची एक शेळी दरम्यान मेली होती. मग बारा संघ झाले. दोन गट, गटातले पहिले दोन उपांत्य फेरीत. त्या वर्षी आमचा संघ गटात तिसरा आला आणि मी तेराव्या दिवशीच घरी. आत्या खूश. "शहाणी माझी बाई, लवकर हरलीस," म्हणाली. मी हसले, पण त्या दिवशी जेवले नाही. नंतर आणखी संघ, आणखी मोठे गट, दिवस पंचवीस, मग तीस. खेळ वाढत होता यात शंकाच नव्हती. पूर्वी सामन्याला पन्नास माणसं असायची, ती पाचशे झाली. मोबाइलवर सामने दिसायला लागले. आप्पा पलंगावरून बघायचे, आत्या फोन धरून बसायची, आणि मी बाकावरून उठून पाणी प्यायला गेले तरी म्हणे आप्पा ओरडायचे.

शेवटच्या छोट्या लीगमध्ये आमची मुख्य गोलकीपर जायबंदी झाली आणि मला उभं राहावं लागलं. पहिले तीन सामने बरे गेले. उपांत्य सामन्यात समोर देशातला सगळ्यात तगडा संघ होता. त्यांची मधली पुढची खेळाडू, ठेंगणी, मानेला काळा धागा बांधणारी, तिने पहिल्या दहा मिनिटांत ओळखलं की उंच चेंडूला मी पुढे यायला कचरते. मग प्रत्येक चेंडू उंचच आला. सात गोल खाल्ले. सातव्यानंतर मी जाळ्यातून चेंडू काढला तेव्हा तो माझ्या हातून निसटून पुन्हा जाळ्यातच पडला. प्रेक्षक हसले. ते हसणं मी घरी कुणाला सांगितलं नाही. दुसऱ्या दिवशी रेल्वे, तिसऱ्या दिवशी पिंपं भरायची होती. भरली. लीग छोटी असण्याचा तो एक फायदा. लाज वाटली तरी ती तिथेच टाकून येता येई, आणि पुढच्या वर्षापर्यंत कुणी विचारायला येत नसे.

आणि मग ते पत्र आलं. क्लबच्या ग्रुपवर कुणीतरी फोटो टाकला. यापुढे लीगमध्ये आठच संघ. प्रत्येक संघ प्रत्येकाशी दोनदा खेळणार, एकदा आपल्या मैदानावर, एकदा त्यांच्या. चौदा सामने, जवळपास पाच महिने. खेळाडूंनी क्लबच्या गावी राहायचं. आणि जे पूर्वी नव्हतं तेही आलं. तळाचे दोन संघ खालच्या लीगमध्ये जाणार. ग्रुपवर नुसता पाऊस पडला, बदामांचा, फुग्यांचा, नाचणाऱ्या बाहुल्यांचा. कप्तानने लिहिलं, "शेवटी आपण खरे फुटबॉलर झालो." मी तव्यावरची भाकरी उलटत होते. मी पण एक फुगा पाठवला. भाकरी करपली.

क्लबच्या व्यवस्थापक वैशाली मॅडमचा फोन दुपारी आला. जुनी गोलकीपर परतणार नव्हती. "सुजाता, पहिली कीपर तू. आठ दिवसांत नाव नोंदवायचंय, त्यानंतर यादी बंद. एकदा बंद झाली की हंगाम संपेपर्यंत कुणाला घेता येणार नाही." मी म्हटलं, घरी विचारून सांगते. आठ दिवस. त्या आठ दिवसांत दोनदा पाणी येऊन गेलं म्हणजे बघा.

मी आधी दुधनीला फोन केला. आत्याने सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली, "पाच म्हयने? सुजे, सुनंला सातवा लागलाय गं. शेळ्या हायत. मी काय करू, येन माडली? वीस दिवसाला मी कदी न्हाय म्हनले का? पर पाच म्हयने म्हनजे मी हितलं घरच सोडून यायचं की." ती रडायला लागली. मीच तिची समजूत काढली. आईला कारखान्यातून इतकी सुट्टी मिळणं शक्य नव्हतं, आणि ती घरी बसली तर चूल कशावर चालणार हा प्रश्न कुणी मोठ्याने विचारलासुद्धा नाही.

चौथ्या दिवशी कादर सर घरी आले. पिशवीत केळी. आप्पांच्या पायाशी खुर्ची ओढून बसले. आईने चहा टाकला. सर आईला म्हणाले, "ताई, मैं साफ बोलतूं. ऐसा मौका फिर नै आता. आजवर ही लीग म्हणजे जत्रा होती, चार दिवस तंबू, की उठले. आता ती खरी झाली. पाच महिने रोज सराव, दर आठवड्याला सामना. यातूनच देशाच्या संघात पोरी जाणार. हिच्यासारखे हात मी पंधरा वर्षांत दुसऱ्या पोरीचे बघितले नाहीत."

आई म्हणाली, "सर, माजी ना न्हाय. पर ह्येंना उचलनार कोन? मला एकटीला उचलत न्हाईत. परवा पडले की मोरीत, शेजारच्या मागावरचं माणूस बोलवावं लागलं."

"माणूस ठेवता येईल. क्लब काहीतरी..."

"परक्या माणसाला त्ये हात लावू देत न्हाईत, सर."

सरांनी कप खाली ठेवला. मग माझ्याकडे बघून म्हणाले, "बेटी, तुझं काय?" सगळे माझ्याकडे बघायला लागले. माझं काय ते मला बोलायला हवं होतं. मी म्हटलं, "आप्पा म्हणतील तसं."

आज मी हे वाक्य लिहिताना थांबले. किती आज्ञाधारक वाटतं ते. ज्या माणसाला एकच शब्द बोलता येतो त्याच्यावर मी निर्णय टाकला, आणि तो शब्द कुठला हे मला चांगलं माहीत होतं.

आई पलंगावर बसली, आप्पांचा हात हातात घेतला आणि मोठ्याने, सावकाश, लहान मुलाला सांगावं तसं सांगितलं. लीग मोठी झालीय. सुजाताला बोलावलंय. पाच महिने. तिकडंच राहायचं. "जाऊ दे का तिला?" आप्पा सगळं ऐकत होते. त्यांना कळायचं सगळं, त्याबद्दल आम्हाला कधीच शंका नव्हती. त्यांनी माझ्याकडे बघितलं. बराच वेळ बघितलं. भिंतीपलीकडे माग चालू होते. मग त्यांनी तोंड भिंतीकडे वळवलं आणि खालच्या आवाजात म्हणाले, "न्हाय."

आई उठली. पदराने हात पुसले, ओले नव्हते तरी. "झालं. सांगितलं त्येनी," ती म्हणाली आणि चहाच्या कपबशा गोळा करायला लागली. सर माझ्याकडे बघत राहिले. मी काही बोलले नाही. सरांनी केळी तिथेच ठेवली आणि चपला घातल्या.

त्या संध्याकाळी मी वैशाली मॅडमना फोन केला. "नक्की?" त्यांनी विचारलं. "आप्पा नाही म्हणाले," मी सांगितलं. त्या म्हणाल्या, "बोलतात का ते?" मी म्हटलं, "तेवढंच बोलतात."

तो न्हाय कुठला होता हे मला ओळखू आलं होतं. त्याच क्षणी आलं होतं. तो तिसरा होता. गेली कित्येक वर्षं रोज सकाळी अंघोळीच्या वेळी मी तो ऐकत होते, माझ्याइतका तो कुणी ऐकला नसेल. आप्पा मला जा म्हणत होते. आणि मी तो उचलून नकार म्हणून क्लबला दिला, कारण मला भीती वाटत होती. पाच महिन्यांत ती काळ्या धाग्याची ठेंगणी पोर मला एकदा नाही, दोनदा भेटणार होती. एकदा त्यांच्या गावात, एकदा आमच्या. पूर्वी सात गोल खाऊन पळून येता येत होतं, या नव्या लीगमध्ये पुढच्या रविवारी पुन्हा उभं राहायचं होतं, त्याच्या पुढच्या रविवारी पुन्हा. आईची अडचण खरी होती, आत्याची खरी होती. त्या दोन खऱ्या अडचणींच्या मागे माझी भीती इतकी छान लपली की मला स्वतःलाही काही दिवस ती दिसली नाही.

आठव्या दिवशी यादी बंद झाली. मग सुरू झाला तो हंगाम, आणि ते पाच महिने मी आयुष्यात विसरणार नाही. पूर्वीही मी घरातच असायची, पण पूर्वी कुणी माझ्यावाचून अडलेलं नसायचं. आता दर आठवड्याला कुठल्यातरी मैदानावर माझ्या जागी दुसरी उभी आहे हे मला तारीख आणि वेळेसह ठाऊक असायचं. क्लबने घाईने एकोणीस वर्षांची एक मुलगी घेतली होती. चपळ होती, पण बुटकी. मी आप्पांच्या उशाशी फोन टेकवून सामने बघायची. पाण्याच्या दिवशी सामना आला तर पिंप भरत असताना आतून फक्त समालोचकाचा आवाज ऐकायची, आणि गोल झाला की तो आवाज चढायचा त्यावरून मला कळायचं. पाणी खेचणाऱ्या मोटारीच्या घरघरीत कुणाचा गोल ते कळायचं नाही, पण अंदाज चुकायचा नाही. मी घरातल्या घरात चिडकी झाले. आईशी भांडायची, मीठ जास्त झालं म्हणून, टॉवेल जागेवर नाही म्हणून. सकाळचा सराव बंद केला. कादर सर एकदा भाजीबाजारात दिसले तर मी दुसऱ्या बोळातून आले. एकदा आप्पांची बोटं उघडताना जोर जास्त लागला आणि ते कळवळले. मी हात सोडून मागच्या दारी जाऊन उभी राहिले. तिथे बघण्यासारखं काही नव्हतं, समोर मागाच्या कारखान्याची भिंत. मी त्या भिंतीकडे बघत राहिले, आतून हाक येईपर्यंत. हाक एकच असायची.

शेवटच्या दिवशी आमच्या संघाला बरोबरी पुरली असती. बरोबरी झाली तर सहावा क्रमांक, लीगमध्ये मुक्काम. हरलो तर सातवा, म्हणजे खाली. रविवार होता, आईसुद्धा घरी होती, पहिल्यांदाच ती पूर्ण सामना बघायला बसली. ऐंशी मिनिटं शून्य-शून्य. समोर तो सात गोल घालणारा संघ नव्हता, ती काळ्या धाग्याचीही नव्हती, कुणीतरी साधीच मुलगी होती. डाव्या बाजूने उंच चेंडू आला. आमची कीपर पुढे आली, उडी मारली, तिच्या बोटांवरून चेंडू गेला आणि मागून कुणीतरी डोकं लावलं. माझे हात आपोआप वर गेले होते. मला तो चेंडू अडवता आला असता. मला पुढे यायची भीती वाटते हे खरं, पण तो मी जागेवरून उचलला असता, इतका तो माझ्या उंचीचा होता. सामना संपल्यावर ती मुलगी खांबाला टेकून बसली. कॅमेरा तिच्यावरच राहिला. मी आप्पांकडे बघितलं. ते स्क्रीनकडे बघत नव्हते, माझे वर राहिलेले हात बघत होते. मी वाट बघत होते की ते काहीतरी म्हणतील, तिन्हींपैकी कुठलाही. त्यांनी नुसते डोळे मिटून घेतले. आईने फोन बंद केला आणि कणीक मळायला गेली.

पूर्वीच्या लीगमध्ये शेवटचा आलेला संघसुद्धा पुढच्या वर्षी पात्रता खेळून परत यायचा. आता खाली गेलेल्याला वर यायला आणखी वर्ष लागणार, आणि आमच्या क्लबने तेवढी वाट बघितली नाही. मुलींचा संघ त्यांनी बंदच केला. मी दुसऱ्या दोन क्लबांना फोन केले. दोघांनी एकच विचारलं, मागचा हंगाम कुठे खेळलात? पूर्ण हंगाम खेळलेल्या कीपर आता त्यांना मिळत होत्या. वर्षापूर्वी घराचं दार बंद आहे असं मला वाटत होतं. आता ते उघडं असतं तरी जायला जागा नव्हती. सराव परत सुरू केला तोच गुडघा गेला. त्यानंतर दोन वर्षांनी आप्पा गेले, दुपारी झोपेत. आत्या नातवाला कडेवर घेऊन आली. मग मी प्रशिक्षकाचा कोर्स केला, शाळेत लागले. वाईट चाललेलं नाही.

यंदा लीगचा साचा परत बदलला. वर काहीतरी वाद झाले, आयोजन कुणी करायचं ते ठरेना, आणि शेवटी ठरलं ते असं की सगळे संघ पुन्हा एकाच गावात जमणार आणि तिथेच खेळून मोकळे होणार. शाळेतून आल्यावर मी ती बातमी मोबाइलवर वाचली आणि मला हसू फुटलं. आवरेचना. आई आता कारखान्यात जात नाही, डोळे साथ देत नाहीत. ती सुपात शेंगा घेऊन फोडत बसली होती. "काय झालं गं यवडं हसायला?"

"लीग परत छोटी केली. सगळे संघ एकाच गावात."

"म्हंजे शांताला बोलवून भागलं असतं की," आई म्हणाली.

मी हसायची थांबले. मग कसं कोण जाणे, इतकी वर्षं जे बोलले नव्हते ते बोलले. "आई, त्या दिवशी आप्पा मला जाऊ नको म्हणाले नव्हते. जा म्हणाले होते. मला कळलं होतं."

आई शेंगा फोडत राहिली. दोन-तीन शेंगा झाल्या. मग म्हणाली, "म्हाईत हाय मला."

"तुलाही कळलं होतं?"

"कळनार न्हाय व्हय? मी काय त्येंचं बोलनं ऐकत नव्हते का?" तिने माझ्याकडे बघितलं नाही. "तू गेली असतीस तर पाच म्हयने घरात मी आन त्ये. काय बोलले तरी येकच शब्द यायचा. मला लई भ्या वाटलं, सुजे. म्हनून म्हनले, झालं, सांगितलं त्येनी. तू काय बोलतीस का ते बघितलं. तू गप बसलीस. मला वाटलं, बरं झालं, हिला कळलं न्हाय." मग थोड्या वेळाने, "तू कशापायी गप बसलीस?"

"गोल खायची भीती वाटली."

"यवडंच?"

"एवढंच."

आईने सूप बाजूला सरकवलं. टरफलं मांडीवरून झटकली, उगाच दोनदा झटकली. "म्हंजे घरात ज्येंना बोलता येत न्हवतं," ती म्हणाली, "तेच तेवढे खरं बोलले."

मी तिच्या शेजारी जमिनीवर बसले. सूप मध्ये ओढलं आणि उरलेल्या शेंगा फोडायला घेतल्या.